कागदाची मागची बाजू

तोंडावरचा मास्क काढून खिशात घाला. एप्रिल १९९२ मध्ये व्ही.टी.च्या फलाटावर तोंड बांधून उतरलात तर लोक तुम्हाला एक तर इस्पितळातून पळालेला पेशंट समजतील, नाहीतर दरोडेखोर. मोबाइलही बाहेर काढू नका, इथे त्याला रेंज नाही. लॉकडाऊनमध्ये रात्र रात्र जागून ‘स्कॅम १९९२’ मालिकेचे दहाही भाग संपवल्याने डोळे चुरचुरताहेत आणि अचिंत ठक्करचं ते शीर्षक-संगीत अजून कानात घुमतंय. घुमू द्या. इथे ते फक्त तुम्हालाच ऐकू येतं.

तारीख २२ एप्रिल, वार बुधवार. स्टेशनाबाहेर पडलात की समोर टाइम्सची इमारत. मालिकेची सुरुवात आठवते ना? स्टेट बँकेतला एक घामाघूम माणूस वृत्तपत्राच्या कचेरीत शिरतो आणि पाचशे कोटींची गोष्ट सांगायला लागतो. आत जाऊन ‘शरद बेल्लारी आलेत का?’ असं विचारायचा मोह होईल, पण विचारू नका. बेल्लारी नावाचं कुणी दरवानाला माहीत नसणार. पुढे दलाल स्ट्रीटवर मनू मुंद्राची चौकशी केलीत तरी हीच गत. मंदीवाल्यांचा तो म्होरक्या इथे मनू माणेक या नावाने ओळखला जातो. मालिकेने काही नावं बदलली, काही तशीच ठेवली. तुमच्या डोक्यात मात्र सगळ्यांना नटांचेच चेहरे चिकटलेत, त्यामुळे रस्त्यावरचा प्रत्येक गोरटेला गुजराती माणूस तुम्हाला प्रतीक गांधीसारखा दिसतोय.

चालत निघा. दादाभाई नौरोजी रस्त्याच्या कमानींखालून सावली धरून गेलात तर ऊन कमी लागेल. हुतात्मा चौकातून डावीकडे हॉर्निमन सर्कल आणि मग दलाल स्ट्रीट. जिजीभॉय टॉवरचे मजले बघायला मान वर करावी लागते, पण खरी गंमत खाली फुटपाथवर आहे. नव्या इश्शूंच्या फॉर्मचे गठ्ठे मांडून पोरं बसलीत. वर दगड ठेवलाय, कारण समुद्राकडून वारा येतो. कुठल्या कंपनीचा फॉर्म हवा ते विचारणारे थोडे. बहुतेक जण नुसतं ‘दहा द्या’ म्हणतात आणि मिळतील ते घेऊन जातात. आतल्या रिंगणातला आरडाओरडा भिंतीबाहेर येतोय. संगणक अजून तीन वर्षं लांब आहे. भाव घशातून निघतो, वहीत उतरतो, आणि दुपारनंतर रस्त्यावरच्या घोळक्यात पुन्हा बदलतो.

निर्देशांक १५ जानेवारीला २००० झाला, २९ फेब्रुवारीला, मनमोहन सिंगांच्या अर्थसंकल्पाच्या दिवशी, ३००० आणि ३० मार्चला ४०००. आज तो ४४६७ वर बंद होणार आहे. हे शिखर आहे हे अख्ख्या रस्त्यावर फक्त तुम्हाला माहीत आहे. अंगावर जरा मूठभर मांस चढलं असेल.

‘साहेब, जरा हा आकडा वाचता का? चष्मा घरी राहिला.’

हातात एक चिठ्ठी आहे. ती धरणारा हात तुम्ही ओळखता, अंगठ्यावर विळीची जुनी खूण. मग तुम्ही वर बघता. केस काळे, पोट सपाट, शर्टाच्या खिशात पास. वय एकोणचाळीस. तुमचे थोरले काका तुमच्याहून लहान झालेत आणि तुम्हाला साहेब म्हणताहेत. ‘काका’ जिभेवर येईल, गिळा.

‘पाच,’ तुम्ही वाचता. ‘ए.सी.सी. पाच.’

‘ते माहितीये हो. भाव काय लिहिलाय?’

भाव आठ हजारांच्या पुढे आहे. म्हणजे पाच शेअरांचे चाळीस हजारांहून जास्त, तेही १९९२ साली, डोंबिवलीला राहणाऱ्या सरकारी कारकुनाचे. पतपेढीचं कर्ज, हे तुम्ही न विचारताच ते सांगून टाकतात. सौदा ऑफिसातल्याच एकाच्या मेव्हण्यामार्फत झालाय. ही चिठ्ठी त्या मेव्हण्याच्या हातची आहे, दलालाच्या पेढीची छापील सौदा-पावती नव्हे. ही बारीक गोष्ट लक्षात ठेवा.

हा शेअर दोन-तीनशेला पडून होता, आता नऊ हजारांकडे चाललाय. का चाललाय, हे काका तुम्हाला डोंबिवलीच्या भाषेत समजावतात. ‘आमचा ब्लॉक घ्या. मी घेतला तेव्हा काय भाव होता, ते आज कोण बघतो? आज तसाच ब्लॉक बांधायला किती लागतील ते बघायचं. सिमेंटच्या कारखान्याचं तेच. आज नव्याने उभारायचा म्हटला तर किती कोटी? मग शेअर स्वस्तच म्हणायचा की!’ दलाल हर्षद मेहताचा, म्हणजे मालिकेतल्या प्रतीक गांधीचा, सिद्धान्त हाच होता आणि तो डोंबिवलीच्या लोकलपर्यंत पोचला होता. त्यात थोडं तथ्यही होतं, म्हणूनच तो पटायचा. साफ खोटी गोष्ट कुणाच्या गळी उतरवायला जास्त कष्ट पडतात.

आता तुम्ही राहवत नाही म्हणून बोलता. ‘आज विकून टाका.’

‘का? काही आतली बातमी?’

‘उद्या पेपरात येणार आहे. स्टेट बँकेत पाचशे कोटींचा हिशेब लागत नाहीये.’

काका मनापासून हसतात. ‘बँकेचे पैसे कमी पडले तर माझ्या सिमेंटचा काय संबंध, साहेब?’

अख्ख्या दलाल स्ट्रीटवर त्या दिवशी याहून शहाणा प्रश्न कुणी विचारला नसेल. उत्तर हवं असेल तर हा रस्ता सोडून एका बँकेच्या गुंतवणूक खात्यात या. कुठल्या बँकेत ते विचारू नका, टेबलं सगळीकडे सारखीच. हिरवा रेक्झिन, टाचण्यांची डबी, कार्बन पेपर, तीन टेलिफोन. कारकुनाच्या पाठीमागे उभे राहा. त्याला तुम्ही दिसत नाही.

तो एक कागद टाइप करतोय. त्याला सगळे बीआर म्हणतात, म्हणजे बँक रिसीट. शाळेच्या फी-पावतीपेक्षा जरासा मोठा. मजकूर साधारण असा: अमुक बँकेकडून साडेअकरा टक्क्यांच्या २०१० च्या सरकारी कर्जरोख्यांची किंमत मिळाली. रोखे तयार झाले की ही पावती परत घेऊन ते देऊ. तोवर ते तुमच्या वतीने आमच्याकडे आहेत. खाली दोन सह्या. नंबर हाताने घातलेला. रक्कम टाइप करताना शून्यं मोजावी लागतात, म्हणून कारकून बोट ठेवून मोजतो. एकदा चुकतो, खोडरबराने घासतो, कागद तिथे पातळ होतो.

हा कागद जन्माला कशाला आला? प्रत्येक बँकेने ठेवींच्या ३८.५ टक्के रक्कम सरकारी रोख्यांत वगैरे ठेवायची, असा नियम होता. शुक्रवारी हिशेब दाखवायचा. एखादीकडे रोखे कमी, एखादीकडे जास्त. मग कमीवालीने जास्तवालीकडून पंधरा दिवसांसाठी ‘घ्यायचे’ आणि ठरल्या भावाने परत द्यायचे. याला रेडी-फॉरवर्ड म्हणत. नाव खरेदी-विक्रीचं, काम उसनवारीचं. शेजारून वाटीभर साखर आणावी तसं. पण खरे रोखे हलायचे म्हणजे रिझर्व्ह बँकेच्या सार्वजनिक कर्ज कार्यालयातल्या जाडजूड वहीत हाताने नोंद व्हायला हवी, आणि तिला दिवस लागत. तिथे पाठवलेला एसजीएल फॉर्म खात्यात शिल्लक नाही म्हणून परतही येई. ‘एसजीएल बाऊन्स झाला’ हे वाक्य या खात्यात रोजचं होतं. वही संथ, बाजार उतावळा. मधली फट बुजवायला बीआर आला.

आणि बीआरबरोबर दलाल आला. दोन बँकांना एकमेकींचं नाव माहीत असायची गरज उरली नाही. एकीचा चेक दुसरीच्या नावाने निघायचा, पण जमा व्हायचा दलालाच्या खात्यात. ती सोय म्हणून केलेली गोष्ट होती, वजनदार गिऱ्हाइकाला दिलेली सवलत. दलालाने तो पैसा पंधरा दिवस ए.सी.सी.त घालायचा, भाव चढवायचा, मुदत भरली की तिसऱ्या बँकेच्या पैशाने पहिलीला मिटवायचं. काकांच्या सिमेंटचा बँकेशी संबंध तो हा. भाव चढत होता, कारण त्यामागे ठेवीदारांचे पैसे होते. त्यातले काही कदाचित काकांच्याच मुदतठेवीतले असतील.

मालिका हे सगळं सांगते, आणि बऱ्यापैकी सांगते. हंसल मेहतांनी सुचेता दलाल आणि देबाशीष बसू यांच्या पुस्तकाचा आधार घेतलाय आणि पात्रांच्या तोंडून हिशेब समजावून दिलाय. माझी तक्रार एवढीच, की कॅमेरा या टेबलाजवळ थांबत नाही. तो पुन्हा वरळीच्या मधुली इमारतीच्या गच्चीवर जातो, लेक्सस गाडीपाशी जातो, प्रतीक गांधीच्या त्या मिश्कील डोळ्यांपाशी जातो. गुजराती रंगभूमीवर मुरलेला नट इतकं गोड बोलतो, की तिसऱ्या भागापासून तुम्ही तेजीवाले झालेला असता. पण हा कारकून खोडरबराने घासत होता ते दृश्य दाखवायला कुणाला वेळ होता? जुलै १९९१ मध्येच रिझर्व्ह बँकेने बीआरच्या वापरावर बंधनं घालणारं परिपत्रक काढलं होतं. ते या खोलीतही आलंय. बघा, त्या फायलीत नीट टाचून ठेवलंय.

तर, २३ तारीख. सकाळचा पेपर घ्या. सुचेता दलाल यांची बातमी आहे. दलालाचं नाव छापलेलं नाही, पण ‘बिग बुल’ कोण हे सांगायला या शहरात नावाची गरज नाही. तुमची अपेक्षा अशी, की आता आभाळ कोसळेल. तसं काही होत नाही. लोकलमध्ये लोक पेपर चौपदरी घडी करून वाचतात, पान उलटतात. काका बातमी वाचतात, घडी घालून पेपर बुडाखाली घेतात. बाजारातली शोकांतिका अशी एका सकाळी घडत नाही. आधी कुणी तरी ‘यात फारसं काही नाही’ म्हणतो, मग सगळे तेच म्हणतात, आणि या म्हणण्यात चार-पाच दिवस जातात.

स्टेट बँकेचे पैसे तर मेहताने तेवढ्यात परतही केले. मग ओरड कसली? तर, ते भरायला राष्ट्रीय आवास बँकेचे चेक वापरले गेले. एएनझेड ग्रिंडलेज बँकेने ते त्याच्या खात्यात जमा केले होते. त्या पाचशेहून अधिक कोटींवरून दोन्ही बँका पुढे दहा वर्षं भांडत होत्या. एक खड्डा बुजवायला दुसरीकडून माती काढली, एवढंच.

२८ एप्रिल, मंगळवारी या. एका दिवसात ५७० अंश, म्हणजे साडेबारा टक्क्यांहून जास्त पडझड. रिंगणातला आवाज वेगळा येतो. विकणाऱ्यांचा ओरडा खरेदीवाल्यांपेक्षा जाड असतो. फुटपाथवरच्या फॉर्मांवरचे दगड काढून पोरं आवरायला लागलीत. काका दिसत नाहीत, ते ऑफिसात आहेत, टेलिफोनपासून दोन टेबलं लांब. फोन साहेबांच्या टेबलावर आणि साहेब जागेवर. दुपारी चारपर्यंत त्यांना भाव कळत नाही.

मे महिना भराभर जातो. तुम्हाला एकदा कराडला नेलं पाहिजे, कारण मराठी माणसाला ही ‘मुंबईतल्या गुजराती दलालांची गोष्ट’ वाटत आली आहे. एस.टी.तून उतरा. बँक ऑफ कराडच्या दाराशी लोक उभे आहेत. ऊस, दुकान, पेन्शन, पोरीचं लग्न, असले पैसे ठेवलेली माणसं. कृष्णा-कोयनेच्या काठच्या या लहानशा बँकेच्या मुंबईतल्या शाखेने दलालांसाठी शेकडो कोटींचे बीआर काढून दिले होते. मागे रोखे नव्हतेच. बँकेच्या भांडवलाला त्या रकमेपुढे सुट्ट्या पैशांइतकीही किंमत नव्हती. मेट्रोपोलिटन सहकारी बँकेचंही असंच. महिनाभरात बँक ऑफ कराड अवसायनात निघाली. पुढे १९९४ मध्ये ती बँक ऑफ इंडियाने घेतली, पण आज दाराशी उभ्या असलेल्या त्या पागोटेवाल्या आजोबांना १९९४ कुठे दिसतंय? ‘बँक बुडती का कधी?’ असं ते शेजारच्याला विचारतात. शेजारचा तंबाखू मळत राहतो.

२१ मेला मनोहर फेरवाणी गेले. युनिट ट्रस्टची मास्टरशेअर योजना मध्यमवर्गाच्या घरात पोचवणारा माणूस, आवास बँकेचा पायउतार झालेला अध्यक्ष. मालिकेत हा भाग के. के. रैनांनी फार संयमाने केलाय. तुम्ही तो पाहिलाच आहे, पुन्हा उभं राहायची गरज नाही.

६ जूनचा वटहुकूम मात्र वाचा. विशेष न्यायालय, कस्टोडियन, आणि ‘अधिसूचित व्यक्तीं’ची यादी. यादीतल्यांची मालमत्ता आपोआप जप्त. चांगलंच झालं की, असं तुम्ही म्हणाल. मालिकाही या वळणावरून पुढे चौकशी, अटक आणि मेहताच्या त्या एक कोटीच्या सूटकेसच्या पत्रकार परिषदेकडे जाते. १९९३ च्या जूनमधली ती पत्रकार परिषद पडद्यावर बघायला रंगतदार आहे, कबूल. पण तुम्ही काकांच्या मागे जा.

पाच शेअरांचा कागद त्यांच्या हातात एव्हाना आलाय. कडेला नक्षी, कंपनीचा शिक्का, जाडसर, सुरेख. तो घेऊन ते एका दलालाच्या पेढीवर उभे आहेत. भाव निम्म्यावर आलाय, तरी विकून पतपेढीचे निदान काही हप्ते फेडावेत म्हणून. पेढीवरचा मुनीम कागद हातात घेतो, पुढची बाजू बघतही नाही. उलटा करतो. मागे हस्तांतरणाच्या नोंदींचा तक्ता असतो: तारीख, नाव, कंपनीची सही. तक्त्यातल्या दुसऱ्या ओळीवर त्याचं बोट थांबतं.

‘हा नाही चालणार, काका.’

‘का? खोटा आहे?’

‘खरा आहे. पण हे नाव यादीतलं आहे. दागी शेअर. कोणी हात लावणार नाही.’

१ एप्रिल १९९१ नंतर कधीही अधिसूचित माणसाच्या नावावरून गेलेला शेअर जप्तीत धरला गेला. तो नंतर किती हातांतून फिरला याला महत्त्व नव्हतं. असे लाखो शेअर देशभर घराघरांतल्या कपाटांत होते. प्रामाणिकपणे विकत घेतलाय हे सिद्ध करायचं तर खरेदीचे पुरावे जोडून अर्ज करायचा. दलालाची सौदा-पावती, चेक, तारीख. काकांनी रोखीने दिलेत, आणि पुराव्याला त्यांच्याकडे आहे ती मेव्हण्याच्या हातची चिठ्ठी.

चौकशीसाठी नेमलेल्या जानकीरामन समितीने पुढे घोटाळ्याचा एकूण आकडा ४,०२४ कोटींच्या आसपास काढला. त्यात बँका होत्या, बँकांच्या उपकंपन्या होत्या. काकांचे चाळीस हजार त्यात कुठल्याच रकान्यात बसत नाहीत, कारण त्यांचं कुणी काही चोरलेलं नव्हतं. त्यांनी मोल देऊन खरी वस्तू घेतली होती.

पेढीच्या जिन्यावर ते तुम्हाला बघतात. चष्मा आहे आज. थबकतात.

‘तुम्ही त्या दिवशी म्हणाला होतात. कसं कळलं तुम्हाला?’

‘टीव्हीवर पाहिलं.’

ते विचारात पडतात. ‘आमच्याकडे सातच्या बातम्या रोज लावतो आम्ही,’ म्हणतात. ‘त्यात तर नव्हतं काही.’

मागचं आवरा आता. १९९९ मध्ये मारुती उद्योगच्या प्रकरणात मेहताला शिक्षा झाली. ३१ डिसेंबर २००१ ला, कोठडीत असताना, ठाण्याच्या सरकारी रुग्णालयात तो गेला, सत्तेचाळीस वर्षांचा. मालिका तिथे जवळजवळ हळवी होते. तुमचेही डोळे भरले होते, खोटं सांगू नका.

सोफ्यावर या. ऑक्टोबर २०२०. मास्क खिशात चुरगळलाय. मोबाइलला रेंज आलीये आणि तो वाजतोय. डोंबिवलीहून थोरले काका, वय सदुसष्ट, लॉकडाऊनमुळे सात महिने जिन्याखाली उतरलेले नाहीत.

‘अरे, बघितलीस का ती सिरियल? मी काल रात्रीच संपवली. काय काम केलंय त्या पोराने! माणूस हुशारच होता रे. त्याला करू दिलं नाही लोकांनी.’

तुम्ही काही बोलत नाही.

‘बरं, एक विचारायचं होतं. हिच्या कपाटात साड्यांखाली तो जुना कागद सापडला. तुमचं ते डिमॅट का काय ते, त्यात जुना कागद जातो का? मागच्या बाजूला ते नाव आहे. चालेल ना आता?’